उजेड दारात आहे

माझा भाऊ फेलिम इंग्रज राणीच्या, पोपला न मानणाऱ्या नव्या धर्माचा पाद्री झाला तेव्हा गावाने आमच्या घरचं ताक पिणं सोडलं. नवरा गेल्यावर मी माहेरी परतले होते आणि ताक मीच घुसळत होते, त्यामुळे हा अपमान त्याच्यापेक्षा मलाच जास्त झोंबला. फेलिम डब्लिनला विद्यापीठात शिकून आलेला. तो हसून म्हणाला, "येतील गं परत. तुझ्या ताकाला काय धर्म आहे?"

आले खरे. नावाडी कॉनल आधी आला, मग त्याच्या मागोमाग बाकीचे. ओटच्या भाकरीबरोबर वाडगाभर ताक प्यायचे, तोंड पुसायचे आणि चर्चवरून जाताना मान वळवून तळ्याकडे बघायचे. रविवारी फेलिमचं प्रवचन ऐकायला मी असायची, छावणीतले काही इंग्रज शिपाई असायचे, आणि पाऊस असला तर कॉनलचा कुत्रा.

आमचे बाबा, फर्गल, सरदाराचे कवी होते. सरदाराच्या उजव्या हाताला बसून जेवणारा माणूस. घरामागे दगडी भिंतींची, एकही खिडकी नसलेली झोपडी होती, तिला आम्ही अंधारघर म्हणायचो. आत समोरासमोर दोन खाटा. हिवाळा लागला की बाबा सकाळी आत जायचे, उताणे पडायचे, तोंडावर घोंगडी घ्यायचे आणि पोटावर दगड ठेवायचे. देह दगडाखाली अडकला की मन इकडेतिकडे भटकत नाही, असं ते सांगत. आमच्याकडे कविता अशीच होते, उजेडात केलेल्या कवितेला कोणी कविता म्हणत नाही. त्यांचा दगड चांगला पावाच्या लादीएवढा होता, लांबट, मधून पांढरी शीर गेलेला.

तिन्हीसांजेला उजेड न्यायचं काम माझं. चरबीत बुडवलेली लव्हाळ्याची वात पेटवून मी दाराशी उभी राहायची आणि म्हणायची, "उजेड दारात आहे." कविता झाली असेल तर आतून उत्तर यायचं, "ओळ ओठांत आहे." मग दगड जमिनीवर ठेवल्याचा धप्प आवाज यायचा आणि मी आत जायची. उत्तर नाही आलं, तर गुपचूप परत फिरायचं. आत पडलेल्या माणसाला नावाने हाक मारायची नाही, काही झालं तरी नाही. उत्तर देईल तो उजेडात येणार, हा नियम.

समोरची खाट फेलिमची होती. बाबांनंतर कवी तोच व्हायचा. त्याऐवजी तो डब्लिनला गेला. बाबा त्याच्यावर ओरडले नाहीत की धर्मावरून वाद घातला नाही. निघताना एवढंच म्हणाले, "तू तिथं ज्या भाषेत शिकणार, ती मला येत नाही. परत आलास की माझ्याशी बोलशील कशात?" फेलिम हसला होता. त्यानंतर बाप-लेक एका छताखाली राहूनही एकमेकांशी धड बोलले नाहीत. बाबा मला म्हणत, "पाद्रीला सांग, मीठ संपलंय."

एका वसंतात, गाई कुरणावर न्यायच्या सुमाराला, बाबा गेले. अंधारघरातल्या खाटेवरच गेले. बातमी कळली तशी नूला म्हातारी आपल्या बायका घेऊन दारात आली. नूला म्हणजे आमच्या भागातली विलाप करणारी. लोक समजतात विलाप म्हणजे नुसतं रडणं. तसं नाही. ती मेलेल्याच्या उशाशी बसते, त्याचा हात हातात घेते, त्याला नावाने हाक मारते, आणि तू गेलास, तुझ्यामागे ही अशी अशी माणसं राहिली आहेत, आता मागे बघू नकोस, असं त्याच्या तोंडावर सांगते. आमच्यात मेलेल्या माणसाला कोणी हे न सांगता अर्धवट पाठवत नाही.

फेलिमने तिला उंबऱ्यावरच अडवलं.

"नूलाबाई, आत नको. बिशपांची सक्त मनाई आहे. पाद्रीच्याच घरात हे झालं तर मी कोणाला काय सांगू?"

"आणि मी फर्गलला काय सांगू?" नूला म्हणाली. "ज्यानं सगळ्या मुलखाची मरणं गायली, त्याला मुक्यानं पाठवणार? लाज नाही वाटत, लेका?"

"मी प्रार्थना म्हणणार आहे ना."

"म्हण बाबा, म्हण."

म्हणाला. नव्या धर्माची प्रार्थनापोथी तेव्हा इंग्रजीतच होती. फेलिमने ती दोन्ही हातांत धरली आणि बाबांच्या उशाशी उभं राहून कितीतरी वेळ वाचली. मी बाजूला उभी होते. मला त्यातलं ओ की ठो कळलं नाही, आणि फेलिमचा आवाजही मला त्याचा वाटला नाही, कोणी परका माणूस त्याच्या तोंडून बोलत असल्यासारखा वाटला. शेवटी कफन शिवताना नूला पुन्हा आली. हातात बाबांचा दगड होता.

"हा तरी ठेवू दे त्याच्या पोटावर. या दगडात पोप बसलेला नाही ना?"

फेलिमला हसू आलं. त्याने मान हलवली. बाबा दगडासकट मातीत गेले.

त्याच उन्हाळ्यात डब्लिनहून फेलिमला काम आलं. धर्मग्रंथातली स्तोत्रं आमच्या भाषेत आणायची, म्हणजे आमच्या लोकांना देवाचं बोलणं आपल्या कानाने कळेल. फेलिमला एवढा आनंद झालेला मी त्याच्या लहानपणानंतर पाहिला नव्हता. खिडकीशी टेबल ओढून तो दिवसभर लिहायचा. लिहून झालं की ताक प्यायला आलेल्यांना धरून वाचून दाखवायचा. त्याची रीतच होती ती, जे गावाच्या कानाला खटकेल ते खोडायचं.

खटकत सगळंच होतं. शब्द बरोबर असायचे, पण ऐकताना जीभ कोरडी पडायची. कॉनलने एकदा वाडगा खाली ठेवला आणि गंभीर तोंड करून विचारलं, "पाद्रीबुवा, एक विचारू? हा देव आपल्यावर प्रेम करतोय, की आपली गुरं जप्त करतोय?"

सगळे खो खो हसले. मीही हसले, खोटं कशाला बोलू. फेलिमही हसला, पण त्या दिवशी तो जेवला नाही. हिवाळा लागला तसं त्याने एका सकाळी माझ्याकडे अंधारघराची किल्ली मागितली. मला बरंच वाटलं. म्हटलं, आला बापाच्या वळणावर. तळ्याकाठचा एक गोल गोटा त्याने पोटावर ठेवायला घेतला, मुठीत मावेल एवढा. पाद्रीचा दगडपण पाद्रीसारखाच, असं मी त्याला चिडवलं.

तिन्हीसांजेला मी वात घेऊन गेले. बाबा गेल्यानंतर पहिल्यांदाच ते शब्द तोंडात आले. "उजेड दारात आहे."

"ओळ ओठांत आहे," आतून फेलिम म्हणाला.

आत गेले तर तो खाटेवर उठून बसला होता, चेहरा पांढराफटक. त्याने चार ओळी म्हटल्या. मेंढपाळाचं स्तोत्र होतं ते. माझ्या अंगावर काटा आला. उन्हाळाभर मी जे कोरडं ऐकत होते तेच आता पाण्यासारखं वाहत होतं, आणि प्रत्येक शब्द असा चपखल बसलेला की त्या जागी दुसरा कोणता सुचूच नये.

रविवारी त्याने ते चर्चमध्ये म्हटलं. पाऊस होता म्हणून कॉनल कुत्र्याला शोधत दाराशी आला होता. तो तिथेच थबकला. मग टोपी काढून आत येऊन बसला. पुढच्या रविवारी त्याची बायको आली, त्यानंतर वरच्या वाडीतले म्हातारे आले. हिवाळा अर्धा सरेपर्यंत चर्च भरायला लागलं होतं. जुन्या धर्माचे लोक, पण ऐकायला येत. म्हातारी माणसं डोळे मिटून बसायची आणि त्यांच्या गालांवरून पाणी ओघळायचं. बाहेर पडताना कॉनल मला म्हणाला, "लासरीना, डोळे मिटले तर फर्गलच बोलतोय गं."

"बापाचाच मुलगा ना," मी म्हटलं. अभिमानाने म्हटलं.

पण घरात मी बघत होते. फेलिम वाळत चालला होता. तोंडात घास घेऊन नुसता बसायचा. खिडकीची झडप उघडली की डोळ्यांवर हात धरायचा. टेबल त्याने आपणहून भिंतीच्या कोपऱ्यात सरकवलं. हात लावावा तर चुलीजवळ बसूनही अंग गार. खोकला झाला म्हणून एकदा मी त्याच्या छातीला गरम चरबी चोळायला घेतली आणि सदरा वर केला. त्याच्या पोटावर काळानिळा वण होता. लांबट, पावाच्या लादीएवढा. मधोमध एक रेघ तेवढी न काळवंडलेली, गोऱ्या कातडीची.

"हे कशानं झालं?"

"दगडानं."

"तुझा दगड मुठीएवढा आहे, फेलिम."

त्याने सदरा खाली ओढला. "पालथा झोपलो असेन," म्हणाला.

हिवाळा सरता सरता एके दिवशी आभाळ असं भरून आलं की दुपारीच अंधारलं. मी नेहमीपेक्षा लवकर वात पेटवून निघाले. अंधारघराच्या दाराशी पोचले आणि हाक देणार तोच आत बोलणं ऐकू आलं. दोन आवाज होते.

"अजून उजेड आला नाही," एक आवाज म्हणाला. "कविता कधीची झाली."

"येईल, बाबा," फेलिम म्हणाला. "आणखी एक कडवं होऊ दे."

"लासरीना असा उशीर करत नसे. कुठं अडकलीये बघ. हा दगड फार जड झालाय रे. पूर्वी एवढा नव्हता."

तो आवाज मी विसरणं शक्यच नव्हतं. जेवताना मीठ मागायचा तो हाच आवाज होता.

"आणि तो इंग्रज कोण होता?" बाबा म्हणाले. "माझ्या उशाशी उभा राहून केवढा वेळ वाचत होता. एक अक्षर कळलं नाही. मला वाटलं, जप्ती आली घरावर. तू कुठं होतास तेव्हा? माझा मुलगा घरात असता तर त्यानं त्याला हाकललं असतं."

मग फेलिम म्हणाला, "पुढचं कडवं, बाबा."

मी हाक दिलीच नाही. वात तशीच घेऊन स्वयंपाकघरात आले आणि चुलीपुढे बसले. बऱ्याच वेळाने भिंत चाचपडत फेलिम आला.

"आज उजेड नाही आणलास?"

"आणला होता. दारात उभी होते."

माझ्या तोंडाकडे बघून त्याला कळलं. तो माझ्यासमोर जमिनीवरच बसला.

"कधीपासून?" मी विचारलं.

"पहिल्या दिवसापासून."

"आणि ते गेलेत, हे त्यांना ठाऊक नाही."

"नाही. कोण सांगणार होतं?" तो म्हणाला. "नूलाला मी दारातून परत लावलं. मी जे वाचलं ते त्यांना कळलं नाही. त्यांना वाटतंय, ते कविता करतायत आणि तू अजून उजेड आणला नाहीस. पोटावर दगडही आहेच."

माझ्या तळपायाची आग मस्तकाला गेली. "बाप अंधारात पडून उजेडाची वाट बघतोय आणि तू त्याला कामाला जुंपलंस? रोज खोटं सांगतोस, आणखी एक कडवं म्हणून? पाद्री ना रे तू?"

"हळू बोल."

"का? त्यांना कळेल म्हणून?"

त्याने डोकं गुडघ्यांत घातलं. "एकच स्तोत्र राहिलंय, लासरीना. बाकी सगळी झाली. पहिल्यांदा आपली माणसं आपल्या भाषेत देवाचं ऐकतायत. तू बघतेस ना, रडतात ती. मी त्यांना सांगितलं की ते जाणार. ओळी जाणार. मग पुन्हा मी आणि माझी जप्तीची कविता." मग म्हणाला, "आणि ते माझ्याशी बोलतात गं. इतक्या वर्षांनी. मला बाळा म्हणतात."

मला त्याची दया आली आणि रागही तेवढाच आला. मी विचारलं, "मग ते एक स्तोत्र का होत नाही?"

तो हसला. तसलं हसू मला पुन्हा कोणाच्या तोंडावर बघायचं नाही. "त्यात एक माणूस थडग्याच्या काठावरून देवाला विचारतो. मेलेली माणसं उठून तुझं गुणगान करतील का, जिथं सगळं विसरलं जातं तिथं तुझी माया कोणाला कळेल. कितीदा सांगितलं बाबांना. ते म्हणतात, बाळा, हे मेलेल्याचं बोलणं आहे, मला कसं जमेल? एखाद्या मेलेल्यालाच विचार."

मी उठून त्याचा हात धरला. हात बर्फासारखा होता. म्हटलं, "तू आरशात बघितलंस का स्वतःला? रोज आत जाताना तू असतोस, बाहेर येताना थोडा कमी असतोस. त्यांना सांगून टाक. नाहीतर मीच सांगते."

"तुझं ऐकून ते जाणार नाहीत," फेलिम म्हणाला. "तो इंग्रज कोण, हेच विचारत राहतील."

दुसऱ्या दिवशी मी किल्ली लपवली. तो माझ्या आधी उठून कुलूप तोडून आत गेला होता. दिवसभर मी घरात येरझाऱ्या घातल्या. सांज झाली तशी वात पेटवली आणि गेले. दार ढकललेलं होतं, आत मिट्ट काळोख.

"उजेड दारात आहे," मी म्हटलं.

"ओळ ओठांत आहे," बाबांचा आवाज आला. लगेच आला, आनंदाने आला. "आलीस का गं? किती उशीर."

उत्तर देईल तो उजेडात येणार. मी उंबऱ्यावर खिळून उभी राहिले. उत्तर आज बाबांनी दिलं होतं; वात आत नेली तर तेच उजेडात येतील आणि फेलिम आत राहील, एवढं मला कळत होतं. फेलिमचा श्वासही ऐकू येत नव्हता. मग जन्मात कधी केलं नव्हतं ते केलं, आत पडलेल्याला नावाने हाक मारली.

"फेलिम!"

मी पुन्हा ओरडले.

"फेलिम, ऐकतोस ना? सांग त्यांना. आपल्या बोलीत सांग. त्या दिवशी जे वाचलंस तेच सांग."

"कोणाशी बोलतेस?" बाबा म्हणाले. "उजेड आत आण."

मी वातीवर हात धरला. पोळला, पण धरूनच उभी राहिले. किती वेळ गेला कोण जाणे. मग फेलिम खोकला. खोल, खालून कुठून तरी आल्यासारखा खोकला.

"बाबा," तो म्हणाला. त्याचा स्वतःचा आवाज होता, घोगरा. "तुम्हाला मातीतून घडवलं होतं, बाबा. तुम्हाला मातीत परत दिलंय. ज्यानं दिलं होतं त्यानंच नेलं. आता तुम्हाला कुठलं काम नाही आणि कुठलं दुखणं नाही."

"हे कोणाचं रे?" बाबांनी विचारलं. "कोणी सांगितलंय तुला करायला? कोण गेलं?"

"तुम्ही."

मी चौकटीला टेकले.

"कधी?" बाबांनी विचारलं.

"वसंतात. गाई कुरणावर जायच्या वेळी."

"मग तो इंग्रज?"

"तो मी होतो, बाबा."

"तू?"

"मीच. तुम्हाला पोचवायचे शब्द मी वाचत होतो. माझ्याकडे तेव्हा दुसरे नव्हते."

"होते," बाबा म्हणाले. "तुझ्याकडे होते. मी दिले होते तुला."

फेलिम रडायला लागला. लहानपणी मार खाल्ल्यावर रडायचा तसा, आवाज दाबून. मला आत जाऊन त्याला जवळ घ्यावंसं वाटलं, पण उजेड घेऊन जाता येत नव्हतं आणि उजेड सोडवत नव्हता.

"पुन्हा म्हण," बाबा म्हणाले. "सुरुवातीपासून. नीट."

फेलिमने पुन्हा म्हटलं. या वेळी त्याच्या ओळी संपल्या तिथून मी दारातून सुरू केलं. नूला जे सांगणार होती ते सांगितलं. त्यांचं नाव घेतलं, त्यांच्या बापाचं घेतलं, आईचं घेतलं. मागे कोण राहिलं ते सांगितलं, एक विधवा मुलगी, एक पाद्री मुलगा, तुमच्या कविता तोंडपाठ असलेला नावाडी कॉनल. सरदार रडला तेही सांगितलं. घराची काळजी करू नका, आता मागे बघू नका. माझा काही गळा नाही, फाटक्या आवाजात गायले, पण शेवटपर्यंत गायले.

"ओळी लंगड्या आहेत," बाबा म्हणाले. नेहमीसारखंच म्हणाले, नाक मुरडून. मग म्हणाले, "पण कळल्या."

आणि मग धप्प झालं. दगड जमिनीवर ठेवल्याचा आवाज.

मी वात घेऊन आत धावले. फेलिम आपल्या खाटेवर होता, पोटावर मुठीएवढा गोटा, ओठ निळे, पण श्वास चालू होता. समोरची खाट रिकामी होती. खाटेखाली जमिनीवर तो लांबट दगड होता, पांढऱ्या शिरेचा. त्याला ओली माती चिकटलेली होती आणि मातीत कफनाच्या कापडाचा एक दोरा. थडगं आम्ही दुसऱ्या दिवशी जाऊन पाहिलं. गवत जिथल्या तिथे होतं, कोणी हात लावलेला नव्हता.

फेलिमने अंधारघराचं छप्पर उतरवलं. बाबांचा दगड आम्ही दक्षिणेकडच्या कुंपणाच्या भिंतीवर ठेवला, दिवसभर ऊन पडेल असा. कोंबड्या त्याच्यावर बसायच्या, बसू दिल्या. राहिलेलं स्तोत्र फेलिमने खिडकी उघडून, उजेडात बसून, स्वतः लिहिलं. कॉनलने ताक पिता पिता ऐकलं आणि म्हणाला, "हे मात्र पाद्रीबुवांचं." कोणी हसलं नाही. हस्तलिखित डब्लिनला पाठवताना फेलिमने शेवटच्या पानावर लिहिलं की एक सोडून बाकी सगळी स्तोत्रं कवी फर्गल यांची आहेत. तिकडच्या विद्वानांना ते आवडलं नाही म्हणे.

फेलिमच्या तोंडून फर्गलचा आवाज येईनासा झाला आणि चर्च पुन्हा रिकामं झालं. रविवारी मी, शिपाई आणि कुत्रा. पण मातीला न्यायचे शब्द त्याने आमच्या भाषेत आणले होते, ते मात्र गावाने उचलले. जुन्या धर्माच्या घरीही कोणी गेलं की मागच्या दाराने माणूस यायचा, "पाद्रीबुवा, जरा सांगून जाता का त्याला?" फेलिम जायचा. उशाशी एका बाजूला नूला बसायची, दुसऱ्या बाजूला हा. बिशपांचं रागाचं पत्र आलं तर त्याने ते चुलीत घातलं. पोटावरचा तो वण त्याचा कधी गेला नाही.

मागच्या वर्षी तो गेला. नूला त्याच्या आधीच गेलेली, गावात विलाप करणारी कोणी उरली नव्हती, आणि डब्लिनहून येणारा नवा पाद्री वाटेत होता. मी त्याची वाट पाहिली नाही. उशाशी बसले, त्याचा गार हात हातात घेतला आणि म्हटलं, "फेलिम, तू गेलास बरं का. ऐकतोस ना? तू गेलास." मग त्याच्याच लंगड्या ओळी म्हटल्या, सावकाश, एकही शब्द न गाळता. पोटावर काही ठेवू दिलं नाही. कॉनल गोटा घेऊन आला होता, त्याच्या हातातून घेतला आणि तळ्यात फेकला.

तरी त्या हिवाळ्यात मी रोज तिन्हीसांजेला वात पेटवून त्या बिनछपराच्या भिंतींपाशी जायची आणि म्हणायची, "उजेड दारात आहे." कान देऊन उभी राहायची. कोणी उत्तर देत नसे, म्हणजे तो नीट पोचला होता. मग वात विझवून मी घरी यायची आणि पोटभर जेवायची.